दुय्यम भूमिकांचा लेखक : ज्याँ-पिएर बाक्री

मंडळी, हॉलिवूडला जसं ऑस्कर, तसं फ्रेंच चित्रपटसृष्टीला 'सेझार'. या पुरस्कारांच्या जुन्या याद्या चाळताना एक गंमत दिसते. १९९७ साली सहाय्यक अभिनेता आणि सहाय्यक अभिनेत्री ही दोन्ही पारितोषिकं एकाच चित्रपटातल्या कलाकारांना मिळाली. १९९८ साली पुन्हा तसंच झालं, फक्त चित्रपट दुसरा होता. २००१ साली तिसऱ्या एका चित्रपटाने तेच करून दाखवलं. तिन्ही चित्रपटांचे दिग्दर्शक वेगवेगळे. पटकथा मात्र तिन्हींची एकाच जोडीची, ज्याँ-पिएर बाक्री आणि आन्येस जावी यांची. त्या तिन्ही वर्षी पटकथेचा सेझारही या दोघांना मिळाला.

नायकाचं काम गाजलं तर ते नटाच्या नावावर जमा होतं. पण तीन चित्रपटांतली सहा दुय्यम कामं गाजली, तर त्याचं कारण कागदावरच शोधायला हवं. मला ते बाक्रीच्या पूर्वायुष्यात सापडतं. तो लेखक म्हणून नावारूपाला आला त्याआधी नट होता, आणि तोही वाट्याला आलेली छोटी कामं करणारा. नायकाच्या मागे उभं राहून वर्षं काढलेल्या माणसाला मागच्या रांगेतून काय दिसतं, हे त्याने पुढे आयुष्यभर लिहिलं. आपल्यापैकी अनेकांनी त्याचं नावही ऐकलं नसेल, म्हणून यंदाच्या स्मरणिकेसाठी हा विषय निवडला.

बाक्रीचा जन्म २४ मे १९५१चा, अल्जीरियातल्या कास्तिग्लिओन या गावातला, एका ज्यू कुटुंबातला. अल्जीरिया तेव्हा फ्रान्सच्या ताब्यात होता. १९६२ साली तो स्वतंत्र झाला आणि इतर लाखो जणांबरोबर हे कुटुंबही समुद्र ओलांडून फ्रान्सला आलं. ते स्थायिक झालं कान शहरात. कान म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे येतो तो चित्रपट महोत्सवाचा लाल गालिचा. बाक्रीचे वडील तिथे पोस्टमन होते आणि शनिवार-रविवारी एका सिनेमा थिएटरात डोअरकीपरचं काम करत. मुलाला सिनेमाची गोडी लागली ती तिथे.

१९७६ साली तो पॅरिसला आला. अभिनयाचे धडे घेतले, थोडं नाट्यलेखनही केलं, पण पोट भरलं ते अभिनयावर. 'ल ग्रां पार्दों' या १९८२च्या गुन्हेगारी चित्रपटात तो वेश्यांचा दलाल झाला. ल्युक बेसाँच्या 'सबवे'मध्ये, म्हणजे १९८५ साली, 'बॅटमॅन' असं टोपणनाव असलेला पोलीस इन्स्पेक्टर. या कामासाठी त्याला सेझारचं नामांकन मिळालं, अर्थातच सहाय्यक अभिनेत्याचं. कपाळावर आठी, घोगरा आवाज आणि जगावर कायमची नाराजी, असा त्याचा एक साचा तयार झाला होता.

१९८७ साली हॅरॉल्ड पिंटरच्या 'बर्थडे पार्टी'च्या फ्रेंच प्रयोगात त्याची आन्येस जावीशी गाठ पडली. ती त्याच्याहून तेरा वर्षांनी लहान, ट्युनिशियातून आलेल्या ज्यू आईवडिलांची मुलगी, तीही नटीच आणि तीही चांगल्या कामाच्या शोधात. दोघं आयुष्यात आणि लेखनात जोडीदार झाले. मनासारख्या भूमिका कुणी देत नाही, तर आपणच लिहू, असा तो सरळ हिशोब होता. पुढे संसारातली सोबत संपली तरी एकत्र लिहिणं थांबलं नाही. दिग्दर्शक आलँ रेने या दोघांना एकाच नावाने हाक मारत असे: 'जाबाक'. त्यामुळे यापुढे मी 'बाक्री' म्हणेन तेव्हा त्यात जावीचा अर्धा वाटा धरून चाला.

त्यांचं पहिलं एकत्र नाटक १९९१चं, 'कुइझीन ए देपांदांस', म्हणजे साधारण 'स्वयंपाकघर वगैरे'. १९९३ साली त्यावर चित्रपट आला. एका जोडप्याने दहा वर्षांनी एका जुन्या मित्राला जेवायला बोलावलंय. मित्र आता टीव्हीवरचा प्रसिद्ध माणूस झालाय. तो उशिरा येतो, मग दिवाणखान्यात मैफल रंगते. ही मैफल आपल्याला दिसतच नाही! सगळं नाटक घडतं स्वयंपाकघरात. तिथे बर्फ न्यायला, बशा ठेवायला, रागाने फणफणायला एकेक जण येतो आणि बाहेर काय चाललंय ते आपल्याला त्यांच्या तोंडून कळतं. प्रसिद्ध पाहुणा शेवटपर्यंत समोर येत नाही. बाक्री स्वतः यात झाला होता त्या घरात तात्पुरता राहणारा, पाहुण्यावर जळणारा मित्र.

इथे मराठी नाट्यरसिकाला एलकुंचवारांची 'पार्टी' आठवेल. त्यातही सगळे ज्याच्याविषयी बोलतात तो अमृत नाटकात येत नाही. पण अमृत हा तिथल्या मंडळींच्या सदसद्विवेकाला लागलेला काटा आहे. बाक्रीच्या नाटकातला न दिसणारा माणूस फक्त प्रसिद्ध आहे, आणि तेवढ्याने घरातली शहाणीसुरती माणसं ताळतंत्र सोडतात. घरी एखादा सेलिब्रिटी कलाकार उतरणार म्हटल्यावर आपल्या मंडळात काय धांदल उडते, हे आठवून पाहा.

दुसरं नाटक १९९४चं, 'अँ एर द फामीय'. १९९६ साली सेद्रिक क्लापिशने त्यावर चित्रपट केला. माझ्या मते हा त्यांचा सर्वांत घट्ट विणलेला ऐवज. एका शुक्रवारची संध्याकाळ. वडिलांच्या पश्चात आँरी हा मुलगा जुनाट कॅफे चालवतोय, दर शुक्रवारी सगळं कुटुंब तिथे जमतं. धाकटा फिलिप एका कंपनीत चौथ्या क्रमांकाचा अधिकारी आहे. त्या दिवशी तो दोन मिनिटं टीव्हीवर झळकलाय आणि 'मी कसा दिसलो' यापलीकडे त्याला काही सुचत नाहीये. आई अर्थात त्याच्या बाजूची. आँरीची बायको घर सोडून गेलीय, हे तो कुणाला सांगू शकत नाहीये. बहीण बेटी तिशी गाठूनही अविवाहित, म्हणून आईच्या डोळ्यांत खुपणारी. फिलिपची बायको योलांद हिचा त्या दिवशी वाढदिवस. कोपऱ्यात अर्धांग झालेलं म्हातारं कुत्रं, आणि सगळ्यांच्या मध्ये ग्लास पुसत उभा असलेला वेटर दनी.

यातला भेटवस्तूंचा प्रसंग पाहा. सासूबाई योलांदला भेट म्हणून कुत्र्याचं पिल्लू देणार आहेत, तेही आँरीच्या त्या लुळ्या कुत्र्याच्याच जातीचं. पाठोपाठ नवऱ्याची भेट हातात येते. डबीत गळ्यातला दागिना असतो, पण योलांदला वाटतं की हा कुत्र्याच्या गळ्यातला पट्टा. कुत्र्यासाठी एवढं भारी कशाला, असं ती अगदी मनापासून विचारते. थिएटर खदखदून हसतं आणि हसता हसता गप्प होतं. नवऱ्याकडून आपल्यासाठी काही सुंदर येईल, ही शक्यताच तिच्या डोक्यात नाही. शिवाय त्या घरातलं तिचं स्थान त्या पट्ट्याने नेमकं सांगितलंय. विनोदाचं वाक्य आणि दुःखाचं वाक्य एकच आहे, आणि ते दिलंय कुटुंबातल्या सर्वांत दुर्लक्षित बाईला.

दनीचं काम त्याहून अवघड. तो नोकर, त्यामुळे त्याने ऐकायचं नसतं, बोलायचं तर नसतंच. पण त्या घरात दुसऱ्याचं ऐकणारा माणूस तेवढा एकच आहे. योलांदचं काम करणारी कातरीन फ्रो आणि दनी झालेला ज्याँ-पिएर दारुसँ, हेच १९९७चे ते दोन सहाय्यक सेझारवाले. रंगमंचावर दुसरा बोलत असताना आपण काय करायचं, हा प्रश्न छोटं काम करणाऱ्या नटाला रोज पडतो. बाक्रीने त्याचं उत्तर लेखक होऊन दिलं. त्याच्या संहितेत गप्प माणसालाही काम असतं.

याच काळात आलँ रेने या थोर दिग्दर्शकाने या जोडीला गाठलं. पहिलं काम अ‍ॅलन एकबर्न या इंग्रज नाटककाराच्या नाटकांच्या रूपांतराचं. १९९३ साली 'स्मोकिंग' आणि 'नो स्मोकिंग' असे दोन चित्रपट एकाच वेळी प्रदर्शित झाले. बाईने सिगारेट ओढली तर काय होईल, नाही ओढली तर काय, अशा फाट्यांवरून गोष्ट फुटत जाते आणि एकूण बारा शेवट होतात. नऊ पात्रं, आणि ती सगळी करणारे नट फक्त दोन. आमच्या धंद्यात याला 'डिसिजन ट्री' म्हणतात, पण आमचं झाड इतकं हसवत नाही! कसरत म्हणून हे थक्क करणारं आहे आणि पटकथेचा पहिला सेझारही त्यावरच मिळाला. मात्र त्यात बाक्रीचा स्वतःचा आवाज कमी, एकबर्नचा जास्त.

१९९७चा 'ऑं कोने ला शांसों' हा मात्र त्यांचा स्वतःचा. शीर्षकाचा अर्थ 'हे गाणं ओळखीचं आहे'. यात पॅरिसमधली साधी माणसं बोलता बोलता मध्येच एखाद्या लोकप्रिय गाण्याच्या एक-दोन ओळींवर ओठ हलवतात, मूळ गायकाच्याच आवाजात, आणि पुन्हा बोलायला लागतात. सुरुवातीलाच १९४४ सालचा पॅरिसमधला जर्मन सेनापती दिसतो. शहर उद्ध्वस्त करायचा हुकूम त्याला मिळालाय आणि त्याच्या तोंडून येतं जोसेफिन बेकरचं पॅरिसवरचं प्रेमगीत! हिंदी सिनेमावर वाढलेल्या आपल्याला पार्श्वगायनाचं काय कौतुक, असं वाटेल. पण आपल्याकडे गाणं आलं की माणूस मोठा होतो, स्वित्झर्लंडला पोचतो. इथे तो आहे तिथेच राहतो. मनातलं बोलायला स्वतःचे शब्द सापडत नाहीत, म्हणून रेडिओवरचे उसने घेतो. सात सेझार मिळाले या चित्रपटाला. त्यातले सहाय्यक अभिनयाचे दोन बाक्री आणि जावी यांनी स्वतःच पटकावले.

आता ज्या चित्रपटासाठी हा लेख लिहायला घेतला, त्याकडे येतो. २०००चा 'ल गू देझोत्र', म्हणजे 'इतरांची आवड'. जावीचं हे पहिलं दिग्दर्शन. फ्रान्समध्ये ३५ लाखांहून अधिक तिकिटं खपली, सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा सेझार मिळाला, परभाषी चित्रपटाच्या ऑस्करचं नामांकन झालं. मी तो एम.एस. करत असताना विद्यापीठाच्या फिल्म क्लबमध्ये इंग्रजी सबटायटल्ससह पाहिला आणि त्यानंतर किती वेळा पाहिला याची मोजदाद ठेवलेली नाही.

कास्तेला (बाक्री) हा कारखानदार. पैसा भरपूर, वाचन शून्य, मिशा झुपकेदार. इराणी कंपनीशी मोठा करार होतोय म्हणून विमा कंपनीच्या आग्रहाखातर त्याला एक अंगरक्षक दिलाय. चित्रपट सुरू होतो रेस्तराँमध्ये, पण साहेबांच्या टेबलावर नाही. पलीकडच्या टेबलावर ड्रायव्हर आणि अंगरक्षक गप्पा मारत बसलेत, तिथून. स्वयंपाकघराची खिडकी बाक्रीने इथेही उघडी ठेवलीय.

करारासाठी इंग्रजी हवं म्हणून कास्तेलाकडे क्लारा नावाची शिक्षिका पाठवली जाते. तो तिला वाटेला लावतो. पुढे भाचीचं छोटंसं काम आहे म्हणून बायकोबरोबर कुरकुरत नाटकाला जातो. नाटक रासीनचं 'बेरेनिस', आणि नायिकेच्या भूमिकेत तीच इंग्रजीची बाई. हा माणूस खिळून बसतो. दुसऱ्या दिवसापासून इंग्रजी शिकायला लागतो, नाटकवाल्यांच्या कंपूत जाऊन बसू लागतो, मिशा काढतो, चित्रं विकत घेतो. कंपूतले लोक विनोदी नाटककार म्हणून गंभीर नाटककारांची नावं सांगून त्याची फिरकी घेतात. तो हसतो, आणि बिल भरतो.

बाक्रीने कास्तेलाला बिच्चारा केलेलं नाही. तो उर्मट आहे, त्याच्या तोंडून समलिंगी लोकांबद्दल असा शब्द जातो की टेबलावर बसलेल्याला तो झोंबतो. आणि उच्चशिक्षित, गोड बोलणाऱ्या वेबर या सल्लागाराशी तो जे वागतो ते मला, एका कन्सल्टंटला, सुखावणारं नक्कीच नव्हतं. त्या वेबरची शुद्ध भाषाच कास्तेलाला टोचत असते. ज्याला कंपूत अडाणी ठरवतात, तोच ऑफिसात दुसऱ्याला त्याच्या शिक्षणापायी दूर ठेवतो. आपल्याला कुणी खाली बघायला लावलं की आपण कुणाकडे तरी वरून बघतो, ही साखळी चित्रपटात प्रत्येकाच्या हातात आहे.

एका प्रसंगात कास्तेला चहाच्या दुकानात क्लाराला स्वतः लिहिलेली प्रेमकविता वाचून दाखवतो. शिकवणी चालू आहे, म्हणून कविता इंग्रजीत! मोडकं इंग्रजी, चुकीचे उच्चार, आणि त्यात ओतलेला जीव. क्लारा अवघडून जाते आणि त्याला नकार देते. आपल्या मंडळाच्या गणेशोत्सवात एखादं इथेच जन्मलेलं पोर अडखळत मराठी कविता म्हणतं आणि 'ळ'पाशी घसरतं, तेव्हा सभागृहात जी हसण्याची लाट उठते ती प्रेमाची असते, मान्य. पण पोर व्यासपीठावरून फक्त हसू ऐकतं. पुढच्या वर्षी ते नाव देत नाही. इथे नवीन असताना आपणही मीटिंगमध्ये वाक्य मनात तीनदा जुळवून मग तोंड उघडायचो, हे त्या क्षणी कुणाला आठवत नाही. कास्तेलाची कविता ऐकताना मला ते आठवतं.

चित्रपटाचा कणा मात्र पुढचा प्रसंग आहे. क्लाराच्या चित्रकार मित्राकडून कास्तेला चित्र घेतो, कारखान्याच्या भिंतीसाठीही काम देतो. क्लाराला अपराधी वाटतं. हा माझ्यासाठी पैसे उधळतोय आणि माझे मित्र त्याला लुटतायत, असं तिच्या मनाने घेतलंय. ती त्याला सावध करायला जाते. त्यावर कास्तेला जे विचारतो त्याचा मथितार्थ असा: मला ते चित्र आवडलं म्हणून मी घेतलं असेल, हे तुमच्या मनात क्षणभरही आलं नाही का? क्लारापाशी उत्तर नसतं. तिच्या मनाचा चांगुलपणा खरा आहे, पण त्या चांगुलपणातही एक अपमान दडलेला आहे.

हा प्रश्न आपल्या दारात आणून ठेवण्यासारखा आहे. मी काही वर्षं आमच्या मंडळाच्या कार्यक्रम समितीत होतो. नाटक निवडताना 'हे आपल्या लोकांच्या डोक्यावरून जाईल' हे वाक्य मी जितक्यांदा ऐकलं, तितक्यांदा 'आपले लोक' म्हणजे कोण हे कुणी सांगितलं नाही. एका वर्षी कमी गर्दीच्या, अगदी संथ चालणाऱ्या एका प्रायोगिक नाटकाला एक गृहस्थ पहिल्या रांगेत बसले होते. टॅक्सी चालवतात, एरवी मंडळात खुर्च्या लावायला पुढे असतात. मध्यंतरात कुणीतरी त्यांना सहज विचारलं, "काय काका, बायकोने पाठवलं वाटतं?" काका म्हणाले, "नाही, मीच तिकीट काढलं." आणि पुन्हा आत जाऊन बसले.

एवढं कौतुक केल्यावर या चित्रपटाचं एक वैगुण्यही सांगितलं पाहिजे. कास्तेलाची बायको आंजेलिक हिलाही स्वतःची आवड आहे. फुलाफुलांचे कागद, गुलाबी उशा, कुत्र्यावर अतोनात प्रेम. कास्तेलाचं चित्र ती भिंतीवरून काढते तेव्हा आपण तिच्यावर चिडतो. पण इतरांच्या आवडीचा मान राखा म्हणणारा हा चित्रपट आंजेलिकच्या फुलांना मात्र हसण्यावारीच नेतो. रासीन आणि अमूर्त चित्रकला वर, फुलांची उशी खाली, ही उतरंड लेखकांनी मोडली नाही. कास्तेला वर चढतो म्हणून आपल्याला आवडतो. कारखानदार 'बेरेनिस' पाहून रडला नसता, एखादा फार्स पाहून पोट धरून हसला असता, तर त्याला इतका मान मिळाला असता का? मला शंका आहे.

यानंतर २००४चा 'कॉम युन इमाज'. प्रसिद्ध लेखक बाप आणि त्याची स्थूल, गाणं शिकणारी मुलगी लोलिता. बापाला तिचं गाणं ऐकायला सवड नाही. आणि जो कुणी लोलिताशी गोड बोलतो, त्याचा डोळा बापाच्या ओळखीवर असतो. तिची गाण्याची शिक्षिकाही तिच्याकडे नीट पाहू लागते ती बापाचं नाव कळल्यावर. 'कुइझीन'मध्ये दाराआड असलेला प्रसिद्ध माणूस इथे समोर येऊन बसलाय, आणि तो बाक्रीने स्वतः, कसलीही दयामाया न मागता, उभा केलाय. या पटकथेला कान महोत्सवात सर्वोत्कृष्ट पटकथेचं पारितोषिक मिळालं. ज्या गावात वडील शनिवार-रविवारी लोकांना खुर्ची दाखवत, त्याच गावात.

पुढचे तीन चित्रपट, २००८, २०१३ आणि २०१८चे, उतरत्या क्रमाने कमी लागले मला. २००८च्या 'पार्ले-म्वा द ला प्लुई'मध्ये अल्जीरियन मोलकरीण आणि तिचा मुलगा यांच्या वाट्याला येणारे रोजचे बारीक अपमान नेमके टिपलेत. पण शेवटच्या 'प्लास प्युब्लिक'मध्ये टीव्हीवरची बडी मंडळीच इतकी जागा व्यापतात की कडेच्या माणसांना श्वास घ्यायला जागा उरत नाही. बाक्रीचा वैताग आता प्रेक्षकांना पाठ झाला होता. तो तोंड उघडायच्या आत लोक हसायला तयार असत. छोट्या नटाचा हा साचा मोठ्या लेखकालाही शेवटी चुकला नाही. १८ जानेवारी २०२१ रोजी, वयाच्या ६९व्या वर्षी, कर्करोगाने तो गेला.

आता ज्यांना हे चित्रपट पाहायचे असतील त्यांच्यासाठी दोन शब्द. सुरुवात 'अँ एर द फामीय'ने करा. एक संध्याकाळ, एक कॅफे, सहा माणसं. एकत्र कुटुंबात वाढलेल्या कुणालाही सबटायटल्सची फारशी गरज पडणार नाही. मग 'ल गू देझोत्र', आणि घरात वयात आलेली मुलगी असेल तर तिच्यासोबत 'कॉम युन इमाज'. रेनेचा गाण्यांचा चित्रपट सर्वांत शेवटी. पाहताना नायकाकडे थोडं दुर्लक्ष करा. फ्रेमच्या कडेला कोण उभं आहे, कुणाच्या हातात ट्रे आहे, आणि बाकीचे बोलत असताना ते काय ऐकतायत, तिकडे लक्ष ठेवा. बाक्रीने सगळ्यात जास्त मेहनत तिथे घेतली आहे.